एका वेळी एकच गोळी: लढाईतून बाद झालेली मार्टिनी टार्गेटवर कशी टिकली

1 ऑगस्ट 2024 ला स्वप्नील कुसाळेने पॅरिस ऑलिंपिकमध्ये 50 मीटर रायफल थ्री पोझिशनचं, म्हणजे गुडघ्यावर बसून, पालथं झोपून आणि उभं राहून मारायच्या प्रकाराचं, ब्राँझ घेतलं. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा पोरगा, रेल्वेत टीसी, फायनलचा स्कोअर 451.4, हे सगळं तेव्हा घरोघरी पाठ झालं होतं. पण ज्यांनी शूटिंगची फायनल आयुष्यात पहिल्यांदाच बघितली त्यांच्यातल्या बऱ्याच जणांना एक प्रश्न पडला होता, की एवढी भारी रायफल आहे, तरी हा प्रत्येक वेळी हाताने एक एक गोळी का भरतोय? मॅगझिन, म्हणजे गोळ्यांची पेटी, नाही का तिला?

नाही. मुद्दामच नाही. 50 मीटरच्या या प्रकारात रायफल सिंगल शॉटच पाहिजे, म्हणजे एक गोळी भरायची, मारायची, रिकामी पुंगळी काढायची आणि परत दुसरी भरायची, असा इंटरनॅशनल नियमच आहे. कॅलिबर .22, म्हणजे गोळी साधारण 5.6 मिलिमीटर जाडीची, आणि रायफलचं वजन जास्तीत जास्त 8 किलो. आता यावर कोणी म्हणेल की नियम आहे म्हणून तसं करतात. पण नियम नसता तरी टॉपच्या शूटरने मॅगझिन घेतलं नसतं असं माझं मत आहे, आणि ते का, हे समजायला एका जुन्या ब्रिटिश रायफलची गोष्ट बघावी लागते. मार्टिनी तिचं नाव. सैन्यात ती फार तर वीसेक वर्षं पहिल्या फळीत होती, टार्गेट शूटिंगमध्ये मात्र शंभर वर्षं.

आधी टार्गेटचं गणित बघू, कारण त्याशिवाय पुढचं काही कळणार नाही. 50 मीटरच्या टार्गेटवर दहा मार्कांचा जो मधला गोल असतो त्याचा व्यास 10.4 मिलिमीटर. हो, मिलिमीटर. आणि समोर दुर्बीण नाही, मागे एक बारीक भोक आणि पुढे एक रिंग, बस. 2010 ला म्युनिकच्या वर्ल्ड चॅम्पियनशिपला आपल्या कोल्हापूरच्याच तेजस्विनी सावंतने प्रोनमध्ये, म्हणजे पालथं झोपून, 60 गोळ्यांत 600 पैकी 597 मारले होते. याचा अर्थ साठातल्या किमान 57 गोळ्या त्या साडेदहा मिलिमीटरच्या गोलाला लागल्या. इथे रायफल किती जोरात मारते याला काही किंमत नाही, साठही वेळा ती सेम वागते का, एवढंच बघायचं.

मग मॅगझिनने काय बिघडतं? मॅगझिन बसवायचं तर रायफलच्या पोटाला भोक पाडावं लागतं, ॲक्शनला (गोळी भरायची आणि उडवायची मधली यंत्रणा) पण आणि खालच्या स्टॉकला (रायफलचा लाकडी सांगाडा) पण, आणि जिथे धातू काढला तिथे ताठरपणा कमी झाला, प्रत्येक गोळीच्या धक्क्याला ते किंचित का होईना वेगळं वाकणार. दुसरं म्हणजे .22 ची गोळी नुसतं शिसं असतं, मऊ, वरून मेणासारखं किंवा ग्रीससारखं वंगण लावलेलं. ती मॅगझिनमधून ढकलत वर चढवली की तिचं नाक कुठेतरी घासतंच, आणि नाकावर ओरखडा पडलेली गोळी सरळ जात नाही. हाताने अलगद नळीत ठेवली की हा प्रॉब्लेमच मिटतो. तिसरं कारण जरा मनाचं आहे. मारायच्या आधी हात हलवावा लागतो, थांबावं लागतं, त्यामुळे प्रत्येक गोळी पहिलीच असल्यासारखी मारली जाते. कोच लोक याला रूटीन म्हणतात.

आता गोष्ट.

1862 मध्ये बॉस्टनच्या हेन्री पीबडीने एक पेटंट घेतलं. तोपर्यंत बहुतेक सैन्यांकडे तोंडातून दारू आणि गोळी ठासायच्या बंदुका होत्या, ठासायला उभं राहावं लागायचं, आणि उभा माणूस म्हणजे समोरच्याला आयतं टार्गेट. पीबडीने नळीच्या मागच्या टोकाला लोखंडाचा एक ठोकळा बसवला, त्याचं मागचं टोक बिजागरीवर. खालची लिव्हर ओढली की ठोकळ्याचं पुढचं टोक खाली झुकतं, नळीचं मागचं भोक उघडं पडतं, त्यात काडतूस सारायचं, लिव्हर परत वर घेतली की ठोकळा वर येऊन भोक बंद. एकदम सोपं आणि मजबूत. फक्त हातोडा, म्हणजे घोडा, बाहेरच्या बाजूला होता आणि तो दरवेळी अंगठ्याने वेगळा मागे ओढावा लागायचा.

ते काम संपवलं फ्रिडरिश फॉन मार्टिनीने. हा माणूस स्वित्झर्लंडमधल्या फ्राउएनफेल्ड गावचा कारखानदार, यंत्रांचा किडा. याने बाहेरचा घोडा काढून टाकला आणि त्या ठोकळ्याच्याच पोटात फायरिंग पिन आणि गुंडाळीची स्प्रिंग बसवली. आता लिव्हर खालीवर केली की भोक उघडणं, रिकामी पुंगळी बाहेर फेकणं आणि स्प्रिंग ताणणं ही तिन्ही कामं एकाच हालचालीत व्हायला लागली. (मार्टिनी पुस्तक बांधणीची मशीनं पण करायचा. आपल्याकडे प्रिंटिंग प्रेसवाल्यांना म्युलर मार्टिनी हे बाइंडिंग मशीनवरचं नाव माहीत असतं, त्यातला मार्टिनी हाच. बंदुकवाल्यांना पुस्तकवाला माहीत नाही आणि पुस्तकवाल्यांना बंदुकवाला.)

ब्रिटिश सैन्याने चाचण्या घेतल्या आणि मार्टिनीची ॲक्शन आणि एडिनबराच्या अलेक्झांडर हेन्रीची नळी यांची जोडी जमवून 1871 मध्ये मार्टिनी-हेन्री रायफल स्वीकारली. हेन्रीच्या नळीत आत सात बाजूंच्या वळणदार खाचा होत्या, त्यामुळे गोळी फिरत फिरत स्थिर जायची. गोळी चांगली 31 ग्रॅमची, आजच्या .22 च्या बारापट. खांद्याला बसणारा दणका पण त्याच हिशोबात. शिकलेला शिपाई मिनिटाला डझनभर गोळ्या मारायचा, आणि झोपल्या झोपल्या भरता यायची हे सगळ्यात मोठं.

पुढे झुलू युद्ध, अफगाणिस्तान, सुदान, सगळीकडे तीच. प्रत्येक ठिकाणी कौतुकच झालं असं काही नाही. सुदानच्या उन्हात नळी तापली की पातळ पितळी पत्रा गुंडाळून केलेली काडतुसं आत चिकटून बसायची, लिव्हर ओढली तरी निघायची नाहीत, आणि समोरून माणसं धावत येतायत. 1885 च्या अबू क्लीआच्या लढाईत याचा फटका बसला. नंतर काडतुसाची पुंगळी अखंड पितळेची केली आणि लिव्हर लांब केली. तुर्कांनी अमेरिकेतल्या प्रॉव्हिडन्स टूल कंपनीकडून पीबडी-मार्टिनी सहा लाखांच्या हिशोबात मागवल्या आणि 1877 ला बल्गेरियातल्या प्लेव्हनामध्ये त्यांच्या जोरावर रशियनांना लांबूनच टिपलं. तुर्कांनी पैसे वेळेवर दिले नाहीत आणि ती कंपनी त्यात बुडाली, हा भाग सहसा कोणी सांगत नाही.

आपल्याकडचा संबंध पण इथेच येतो. 1857 नंतर इंग्रजांनी ठरवून टाकलं होतं की हिंदी पलटणींच्या हातात गोऱ्या पलटणीपेक्षा एक पिढी जुनी बंदूक असायची. 27 जुलै 1880 ला मैवंदला अफगाणांनी इंग्रजांचा दणदणीत पराभव केला त्या दिवशी गोऱ्या 66 व्या रेजिमेंटकडे मार्टिनी-हेन्री होत्या, आणि त्यांच्या शेजारी लढणाऱ्या बॉम्बे आर्मीच्या हिंदी पलटणींकडे जुन्या स्नायडर. एकाच मैदानात, एकाच बाजूने लढताना. हिंदी शिपायांच्या हातात मार्टिनी आली ती गोऱ्यांना मॅगझिनवाली ली-मेटफर्ड मिळाल्यावर, त्यामुळे 1897 ला सारागढीत जे 21 शीख लढले त्यांच्याकडे मार्टिनी-हेन्रीच होती.

तर 1888 ला ली-मेटफर्ड आली आणि सैन्यासाठी सिंगल शॉटचा खेळ संपला. लढाईत जास्त गोळ्या, पटापट, हेच महत्त्वाचं. पण त्याच वेळी एक वेगळंच जग तयार झालं होतं, पैज लावून, कप ठेवून, कागदावर नेम धरणाऱ्यांचं.

1860 ला इंग्लंडात नॅशनल रायफल असोसिएशनची पहिली स्पर्धा विम्बल्डनच्या माळावर झाली. टेनिसवालंच विम्बल्डन, पण टेनिस नंतर आलं. पहिली गोळी व्हिक्टोरिया राणीने मारली, म्हणजे रायफल स्टँडवर पक्की बांधून, नेम आधीच लावून ठेवलेली, बाईंनी फक्त दोरी ओढायची, अंतर 400 यार्ड. गोळी जवळजवळ मध्यावर लागली. लागणारच की. 1890 ला ही स्पर्धा बिस्लीला गेली आणि आजही तिथेच असते.

अमेरिकेत 1874 ला न्यूयॉर्कजवळ क्रीडमूरला आयर्लंड विरुद्ध अमेरिका अशी मॅच झाली, 800, 900 आणि 1000 यार्डांवर. आयरिश टीम तेव्हाची चॅम्पियन, त्यांच्याकडे रिग्बीच्या तोंडातून भरायच्या अतिशय कारागिरीने बनवलेल्या रायफली. अमेरिकनांकडे रेमिंग्टन आणि शार्प्सच्या मागून भरायच्या सिंगल शॉट. तेव्हा जाणकार म्हणायचे की मागून भरायची रायफल लढाईला ठीक, पण खरा बारीक नेम तोंडातून भरणाऱ्या रायफलीचाच. निकाल लागला 934 विरुद्ध 931, अमेरिका जिंकली. एका आयरिश शूटरची एक गोळी बरोब्बर मध्ये लागली होती, फक्त शेजारच्या टार्गेटच्या, त्यामुळे चाराऐवजी शून्य. तीन पॉइंटने हरले हे लक्षात घ्या. आणि शेवटची गोळी मारणाऱ्या कर्नल बोडाइनचा हात बाटली फुटून कापला होता, रुमाल गुंडाळून त्याने मारली आणि बुल्सआय. पण नेमबाजीच्या हिशोबाने बघितलं तर त्या दिवशी मागून भरणाऱ्या सिंगल शॉटने तोंडातून भरणाऱ्याला टार्गेटवर गाठलं, हे जास्त मोठं.

आता लांब पल्ल्याचं शूटिंग म्हणजे माळरान पाहिजे, प्रवास पाहिजे, महाग काडतुसं पाहिजेत. सामान्य माणसाला ते कुठलं परवडतंय. .22 ची छोटी काडतुसं अमेरिकेत 1857 पासून होती, 1887 ला स्टीव्हन्स कंपनीने .22 लाँग रायफल काढलं, आणि आज ऑलिंपिकला जे वापरतात ते तेच. यात ठिणगीचा मसाला काडतुसाच्या बुडाच्या कडेत भरलेला असतो म्हणून याला रिमफायर म्हणतात. स्वस्त, आवाज कमी, धक्का जवळपास नाहीच.

तिकडे ब्रिटिश सैन्य 1880 च्या दशकातच मार्टिनी-हेन्रीच्या नळीत आणखी एक बारीक नळी घालून, तिला मॉरिस ट्यूब म्हणायचे, बराकीत कमी खर्चात सराव करून घेत होतं. म्हणजे मोठ्या मार्टिनीतून छोटी गोळी मारायची सवय आधीच होती.

आणि मग बोअर युद्ध. 1899 ते 1902. दक्षिण आफ्रिकेतले बोअर शेतकरी लहानपणापासून रायफल घेऊन फिरणारे, त्यांनी लांबून एक एक करत ब्रिटिश सैनिक टिपले आणि जगातल्या सगळ्यात मोठ्या साम्राज्याच्या लक्षात आलं की आपल्या पोरांना नेमच धरता येत नाही. त्यावर सगळ्यात जास्त आवाज उठवणारा माणूस म्हणजे लॉर्ड रॉबर्ट्स. जन्म कानपूरचा, हिंदुस्थानात कमांडर इन चीफ राहिलेला, आणि मैवंदच्या पराभवानंतर काबूलहून कंदाहारला सैन्य घेऊन धावलेला तो हाच. बोअर युद्धात त्याचा हयात असलेला एकमेव मुलगा गेला. त्याचं म्हणणं, गावोगावी क्लब पाहिजेत, गिरणीतल्या कामगाराला पण संध्याकाळी दोन पैशात रायफल चालवता आली पाहिजे. 1901 ला वर्किंग मेन्स रायफल क्लबांची संघटना झाली, 1903 पासून मिनिएचर रायफल क्लब या नावाने ती पसरली, आणि 1947 पासून तिला नॅशनल स्मॉल-बोअर रायफल असोसिएशन म्हणतात. मिनिएचर म्हणजे छोटी गोळी, रायफल काही खेळण्यातली नाही. चर्चचा हॉल, शाळेचं तळघर, पबच्या मागची गल्ली, जिथे 25 यार्ड सरळ जागा मिळेल तिथे रेंज. 1908 च्या लंडन ऑलिंपिकला बिस्लीत .22 च्या वेगळ्या स्पर्धाच होत्या, एवढी ती चळवळ पसरली होती.

हजारो नवीन शूटर, सगळ्यांना स्वस्त आणि नेमकी .22 पाहिजे. इथे बीएसए येते. बर्मिंगहॅम स्मॉल आर्म्स. आपल्याकडे हे नाव सायकलवर आणि जुन्या मोटरसायकलवर वाचलेलं असतं, पण ती मुळात 1861 ला बर्मिंगहॅमच्या बंदूकवाल्यांनी एकत्र येऊन काढलेली कंपनी, सायकल आणि मोटरसायकल नंतर. तिच्या जुन्या शिक्क्यात तीन रायफली एकमेकींना टेकवून उभ्या केलेल्या दिसतात ना, त्या मार्टिनीच. (तसं बुलेटवाल्या एनफिल्डचं नाव पण बंदुकीच्या सरकारी कारखान्यावरूनच आलंय.)

मोठी मार्टिनी .22 साठी अवजड होती. बेल्जियमच्या लिएजमधल्या फ्रँकोटने मार्टिनीची लहान आवृत्ती केली होती, त्यात ठोकळा, ट्रिगर, लिव्हर हे सगळं एका फ्रेमवर बसवलेलं, पिन काढली की अख्खी यंत्रणा हातात. साफसफाईला हे वरदान, कारण नळी मागून साफ करता येते. बीएसएने हीच लहान मार्टिनी धरली. ऑस्ट्रेलियाने शाळकरी कॅडेटांसाठी .310 कॅलिबरच्या अशा रायफली मोठ्या संख्येने मागवल्या, आणि इंग्लंडात त्याच साच्यावर .22 च्या टार्गेट रायफली निघायला लागल्या. मॉडेल 12, पुढे जाड नळीची मॉडेल 15, मग दोन्हींच्या मधली 12/15. शेजारीच पार्कर लोकांचे साइटचे, म्हणजे नेम धरायच्या भागाचे, कारखाने, त्यांची भोकाची साइट बारीक बारीक क्लिकने डावीउजवीकडे सरकवता यायची. म्हणजे एकाच शहरात नळी, ॲक्शन, साइट आणि काडतूस, सगळं. दोन युद्धांच्या मध्ये व्हिकर्स कंपनीने पण मार्टिनी ॲक्शनची .22 काढली आणि क्लबाक्लबांत बीएसए चांगली का व्हिकर्स यावर वाद झडायचे.

मार्टिनीत असं काय होतं की लोक तिच्यावर एवढे खूश? लॉक टाइम. हा शब्द शूटिंगमध्ये सारखा ऐकू येतो, म्हणून नीट सांगतो. ट्रिगर दाबल्यापासून पिन काडतुसावर आदळेपर्यंत जो वेळ जातो तो लॉक टाइम, काही मिलिसेकंदांचा खेळ. मोबाईलवर लहान मुलाचा फोटो काढताना बटण दाबलं आणि फोटो क्षणभर उशिरा निघाला की मूल फ्रेमच्या बाहेर गेलेलं असतं ना, तसंच इथे, फक्त हलणारं मूल म्हणजे तुमचेच हात, तुमचीच नाडी. तेव्हाच्या बहुतेक बोल्ट रायफली, म्हणजे बाजूचा दांडा मागेपुढे करून भरायच्या, मुळात सैन्याच्या डिझाइनच्या, त्यांची पिन लांब आणि जड, बराच प्रवास करून आदळायची. मार्टिनीची पिन छोटी, जवळ, मागे तगडी स्प्रिंग. ट्रिगर सुटला की लगेच ठो. त्यात .22 ची गोळी तशी हळू, सेकंदाला साधारण 320-330 मीटर, मुद्दाम आवाजाच्या वेगाच्या खाली ठेवलेली, कारण वाटेत आवाजाचा वेग ओलांडून परत खाली आली तर ती डगमगते. हळू गोळी म्हणजे नळीत पण ती जास्त वेळ रेंगाळणार, तेवढा वेळ तुम्ही हलायचं नाही. मग निदान ट्रिगरपाशी तरी वेळ वाचवा, हा हिशोब.

याची परीक्षा दरवर्षी व्हायची. व्हिस्कीवाल्या ड्युअरने 1909 ला एक कप दिला होता, ब्रिटन विरुद्ध अमेरिका, वीस वीस जणांची टीम, 50 आणि 100 यार्ड. गंमत म्हणजे कोणी कुठे जायचं नाही, आपापल्या देशात मारायचं आणि निकाल कळवायचा. पोस्टाने मॅच! 1919-20 च्या सुमाराला विंचेस्टरने मॉडेल 52 काढली, बोल्ट ॲक्शनची, खास टार्गेटसाठी, आणि अमेरिकन टीम हळूहळू सगळी बोल्टकडे गेली. ब्रिटिश मात्र मार्टिनीला चिकटून राहिले. यात थोडी परंपरा होती, थोडा बर्मिंगहॅमचा अभिमान, आणि खरं सांगायचं तर मार्टिनी तेव्हा तरी कमी पडत पण नव्हती.

दुसऱ्या महायुद्धानंतर बीएसएने शेवटचा मोठा डाव टाकला. 1950 ला बीएसए-मार्टिनी इंटरनॅशनल आली, 1953 ला मार्क 2, 1959 ला मार्क 3. मार्क 3 मला या सगळ्या मालिकेत सगळ्यात हुशार वाटते, कारण तिने मार्टिनीच्या खऱ्या दुखण्यावर बोट ठेवलं. दुखणं असं की मार्टिनीचा स्टॉक दोन तुकड्यांत असतो. मधे ॲक्शन, मागे दस्ता, पुढे हात धरायचा लाकडी तुकडा, आणि तो पुढचा तुकडा नळीला चिकटलेला. आता तुम्ही झोपून पट्ट्याने रायफल ताणून धरली की तो ताण लाकडातून थेट नळीला जातो. आज जरा जास्त ताणलं, गोळी एकीकडे, उद्या जरा कमी, गोळी दुसरीकडे. वर लाकूड पावसात फुगणार, उन्हात आक्रसणार. मार्क 3 मध्ये ॲक्शनपासून पुढे एक धातूचा बीम काढला, पुढचं लाकूड त्या बीमवर बसवलं, आणि नळी मोकळी, कोणाला न टेकता हवेत. याला फ्री-फ्लोटिंग बॅरल म्हणतात आणि आज कुठल्याही टार्गेट रायफलमध्ये ते असतंच.

तरी मार्टिनी हरली. ती सिंगल शॉट होती म्हणून नाही हां, तिला हरवणारी पण सिंगल शॉटच होती. ती आली जर्मनीतून. थुरिंगिया भागात मेलिस नावाच्या गावात 1856 ला युलिउस गॉटफ्रिड आन्शुट्झने बंदुकांचा कारखाना काढला होता. 1945 नंतर तो भाग रशियन फौजांच्या ताब्यात गेला, कारखाना हातचा गेला, आणि घरच्यांनी पश्चिमेला उल्म शहरात 1950 मध्ये परत सुरुवात केली. शेजारच्याच गल्लीतले म्हणावेत असे वाल्थरवाले, ते पण त्याच झेला-मेलिसमधून उठून उल्मलाच आले. एकाच गावातून उखडलेले दोन कारखाने एकाच नवीन शहरात, आणि पुढची सत्तर वर्षं जगातली टार्गेट रायफलची स्पर्धा बरीचशी या दोघांतच.

1950 च्या दशकात आन्शुट्झची मॅच 54 ॲक्शन आली. बोल्ट ॲक्शन, पण सैन्याच्या बोल्टची छोटी नक्कल नव्हे, .22 साठीच विचार करून बनवलेली. मॅगझिन नाही, त्यामुळे ॲक्शनचा पोटभाग भरीव. स्टॉक एकसंध, ॲक्शन त्यात दोन स्क्रूंनी पक्की, नळी मोकळी. पिन हलकी, प्रवास छोटा, म्हणजे लॉक टाइमची मार्टिनीची जी मक्तेदारी होती तीच संपली. पण माझ्या मते खरा घाव ट्रिगरचा होता. मार्टिनीचा ट्रिगर त्या यंत्रणेतच विणलेला, त्याला सुधारायचं तर सगळंच हलवावं लागतं. आन्शुट्झचा ट्रिगर म्हणजे वेगळी डबी, खालून लावायची, स्क्रू फिरवून वजन, प्रवास, सगळं आपल्या बोटाला जुळवून घ्यायचं. त्यात पुढे गालाची पट्टी वरखाली, खांद्याचा हुक मागेपुढे, हाताचा टेकू सरकता, हे सगळं एकसंध स्टॉकवर बसवणं सोपं. दोन तुकड्यांच्या मार्टिनीवर ते प्रत्येक वेळी जुगाड वाटायचं.

बीएसएने प्रयत्न सोडले नाहीत, इंटरनॅशनल शूटिंग युनियनच्या नियमांत बसणारं मॉडेल काढलं, मार्क 5 काढलं. पण तोपर्यंत कंपनीच हेलकावे खात होती. मोटरसायकलचा धंदा जपान्यांपुढे टिकला नाही, 1973 ला सगळा समूह कोसळला, बंदुकांचा भाग कसाबसा चालू राहिला. 1980 च्या दशकात मार्टिनी बंद. नंतर बीएसए म्हटलं की एअरगन, बस.

बर्मिंगहॅम मात्र या खेळातून पूर्ण गेलं नाही. ऑलिंपिकला रायफल जर्मन असली तरी तिच्यात जाणारं काडतूस बऱ्याचदा ईलीचं टेनेक्स असतं, आणि ईलीचा कारखाना बर्मिंगहॅमला लागूनच आहे. .22 मध्ये काडतुसांचा प्रत्येक लॉट, म्हणजे एका खेपेत बनलेला माल, किंचित वेगळा असतो आणि प्रत्येक नळीला वेगळा लॉट आवडतो, का ते सांगता येत नाही, मारूनच बघावं लागतं. म्हणून मोठे शूटर रायफलची नळी घेऊन कारखान्यात जातात, ती शिकंज्यात पकडून वेगवेगळ्या लॉटच्या दहा-दहा गोळ्या मारतात आणि ज्याचा पुंजका सगळ्यात घट्ट येईल तो लॉट पेट्यांनी विकत घेतात. शूटिंग महाग का म्हणतात त्याचं एक उत्तर हे पण आहे, रायफल एकदा घेतली की झालं असं नसतं.

आणि जुन्या मार्टिनींचं काय झालं? मोठ्या मार्टिनी-हेन्रींच्या नकला आताच्या पाकिस्तानातल्या दर्रा आदम खेलच्या कारागिरांनी कित्येक वर्षं हाताने घडवल्या, राणीच्या शिक्क्यासकट. स्वित्झर्लंडमध्ये हेमर्लीसारख्या कंपन्यांनी मार्टिनीच्या ॲक्शनवर 300 मीटरच्या जबरदस्त टार्गेट रायफली बनवल्या, म्हणजे डिझाइन फिरून आपल्या गावाजवळ आलं. ऑस्ट्रेलियाच्या कॅडेट रायफली नंतर भंगाराच्या भावात विकल्या गेल्या, लोकांनी त्या .22 आणि इतर छोट्या कॅलिबरमध्ये बदलून घेतल्या, सशांच्या मागे फिरायला. आणि इंग्लंडातल्या क्लबांच्या कपाटात बीएसए मार्टिनी अजून असतात, नवीन आलेल्या पोरांना आधी त्याच देतात. त्यातही डावखुऱ्यांची तर चैनच, कारण बोल्टचा दांडा एका बाजूला असतो, डावखुऱ्याला वेगळी रायफल मागवावी लागते. मार्टिनीची लिव्हर बरोबर मधोमध, खाली. उजवा हात काय आणि डावा काय, तिला फरक पडत नाही.